सिनेमाचा शोध नेमका कोणी लावला? मोबाईलमधल्या ‘एफपीएस’मागची खरी गोष्ट

आज एक छोटं काम करा. मोबाईलचा कॅमेरा उघडा, व्हिडिओ मोडवर जा आणि सेटिंगमध्ये बघा. तिथे ‘१०८०पी, ३० एफपीएस’ असं काहीतरी दिसेल. एफपीएस म्हणजे फ्रेम्स पर सेकंद, म्हणजेच एका सेकंदात काढलेले फोटो. तुम्ही दहा सेकंदांची रील शूट केली, तर फोनने प्रत्यक्षात ३०० फोटो काढलेले असतात. व्हिडिओ नावाची वेगळी वस्तू नसतेच. असतात ते फक्त फोटो, एकामागून एक.

हे आज इतकं साधं वाटतं, पण इथपर्यंत यायला माणसाला साठ-सत्तर वर्षं लागली. गंमत म्हणजे ‘सिनेमाचा शोध कोणी लावला?’ हा प्रश्न विचारला की कोणी एडिसनचं नाव घेतं, कोणी ल्युमिए बंधूंचं. दोन्ही उत्तरं अर्धवट आहेत. सिनेमा हा एका माणसाचा शोध नाही. वाटेत चार मोठ्या अडचणी होत्या आणि त्या वेगवेगळ्या देशांतल्या वेगवेगळ्या लोकांनी सोडवल्या. त्यातला एक जण तर आपलं यश जगाला दाखवण्याआधीच गायब झाला!

चला तर मग, एकेक अडचण समजून घेऊया.

अडचण पहिली: डोळ्याला फसवायचं कसं?

१८३२ साली बेल्जियमचे शास्त्रज्ञ जोसेफ प्लॅटो यांनी एक खेळणं तयार केलं. त्याचं नाव होतं फेनाकिस्टिस्कोप. नाव अवघड आहे, पण वस्तू एकदम सोपी. पुठ्ठ्याची गोल चकती घ्यायची. तिच्यावर गोलाकार रांगेत नाचणाऱ्या माणसाची चित्रं काढायची, प्रत्येक चित्रात हात-पाय थोडेसे पुढे सरकलेले. चकतीच्या कडेला बारीक खाचा पाडायच्या. मग आरशासमोर उभं राहून चकती फिरवायची आणि मागच्या बाजूने खाचांमधून आरशात बघायचं. माणूस नाचायला लागतो!

जवळपास त्याच सुमारास व्हिएन्नामध्ये सिमोन श्टांफर यांनीही अगदी अशीच चकती बनवली. दोघांनी एकमेकांची नक्कल केलेली नव्हती. एकाच वेळी दोन डोक्यांत एकच कल्पना, असं या गोष्टीत वारंवार होणार आहे.

आता महत्त्वाचा मुद्दा. खाचा कशाला हव्यात? तीच चकती खाचांशिवाय फिरवून बघितली तर काय दिसतं? नुसता रंगांचा फराटा. खाचेमुळे प्रत्येक चित्र आपल्याला अगदी क्षणभर दिसतं आणि मध्ये अंधार होतो. त्या क्षणभरात चित्र जणू जागेवर थांबलेलं असतं. हे ‘थांबणं’ लक्षात ठेवा. पुढच्या सगळ्या गोष्टीची किल्ली तीच आहे.

पुढे १८३४ साली इंग्लंडचे विल्यम हॉर्नर यांनी हीच युक्ती डब्याच्या आकारात आणली. त्यालाच नंतर झोईट्रोप म्हणू लागले. त्यात आरसा लागत नसे आणि चार-पाच जण मिळून बघू शकत. प्लॅटो यांच्याबाबतीत मात्र एक चटका लावणारी गोष्ट घडली. जगाला हलती चित्रं दाखवणाऱ्या या माणसाची स्वतःची दृष्टी पुढे पूर्णपणे गेली.

*घरी करून बघा:* जुन्या वहीच्या कोपऱ्यावर वीस-पंचवीस पानांवर उडणारा चेंडू काढा, प्रत्येक पानावर थोडा वर सरकलेला. मग अंगठ्याने पानं सरसर सोडा. झाला तुमचा पहिला सिनेमा.

अडचण दुसरी: खऱ्या हालचालीचा फोटो काढायचा कसा?

चकतीवरची चित्रं हाताने काढलेली होती. खरा घोडा, खरा पक्षी टिपायचा तर फोटो हवा. पण त्या काळी फोटो काढायला कित्येक सेकंद लागत. समोरचा माणूस जरा हलला की फोटो पुसट. मग धावणाऱ्या घोड्याचा फोटो कसा काढणार?

हे जमवलं एडवर्ड मायब्रिज यांनी. ते मूळचे इंग्लंडचे, पण काम करत होते कॅलिफोर्नियात. तिथले मोठे उद्योगपती लेलँड स्टॅनफर्ड यांना घोड्यांचं वेड होतं. त्यांना जाणून घ्यायचं होतं की घोडा धावताना त्याचे चारही पाय एकाच वेळी जमिनीपासून सुटतात का. नुसत्या डोळ्यांनी हे सांगणं अशक्य होतं.

जून १८७८ मध्ये पालो आल्टो इथे मायब्रिज यांनी धावपट्टीच्या कडेला ओळीने १२ कॅमेरे लावले. समोर पांढरी पार्श्वभूमी उभी केली, म्हणजे जास्तीत जास्त उजेड मिळेल. धावपट्टीवर आडवे दोरे ताणले. घोड्याचा पाय लागून दोरा तुटला की त्या दोऱ्याला जोडलेल्या कॅमेऱ्याचं शटर पडायचं. सॅली गार्डनर नावाची घोडी धावत गेली आणि बाराही कॅमेऱ्यांनी एकेक फोटो काढला.

उत्तर मिळालं: हो, चारही पाय सुटतात. पण कधी? पाय लांब फाकलेले असताना नाही, तर पोटाखाली गोळा झालेले असताना. शेकडो वर्षं चित्रकार धावता घोडा पुढचे पाय पुढे आणि मागचे पाय मागे ताणलेला काढत आले होते. ते सगळे चुकीचे ठरले.

फ्रान्समध्ये एतिएन-ज्यूल मारे हे शरीरशास्त्रज्ञ हे फोटो बघून खूश झाले. त्यांना पक्ष्यांचं उडणं अभ्यासायचं होतं. पण पक्षी काही धावपट्टीवर दोरे तोडत येणार नाही. शिवाय बारा कॅमेरे म्हणजे बारा वेगवेगळ्या जागा. मारे यांना एकाच जागेवरून, ठरावीक अंतराने फोटो हवे होते.

म्हणून १८८२ साली त्यांनी चक्क बंदूक बनवली. गोळी नाही, फोटो मारणारी! नळीच्या टोकाला भिंग, आत गोल फिरणारी काच. पक्ष्यावर नेम धरून घोडा दाबला की एका सेकंदात १२ फोटो निघायचे. प्रत्येक फोटोला वेळ फक्त १/७२० सेकंद. आतली काच सेकंदात बारा वेळा फिरायची आणि बारा वेळा थांबायची. इंग्रजीत व्हिडिओ काढण्याला आजही ‘शूट’ करणं म्हणतात. मारे यांची बंदूक बघितली की तो शब्द एकदम शोभतो.

*मोबाईलवर करून बघा:* तुमच्या फोनमध्ये प्रो मोड असेल तर त्यात शटर स्पीड असतो. दिवसा चांगल्या उजेडात, फिरणाऱ्या पंख्याचा फोटो आधी १/३० वर काढा, मग १/७५० च्या आसपास. पहिल्यात पाती पुसट दिसतील, दुसऱ्यात थांबलेली. फोटो काळपट आला? मग मायब्रिज यांना पांढरी पार्श्वभूमी का लागली, ते कळलं असेल.

अडचण तिसरी: इतके फोटो ठेवायचे कशावर?

आजच्या भाषेत सांगायचं तर हा ‘स्टोरेज फुल’चा प्रॉब्लेम आहे. मारे यांच्या काचेवर फक्त १२ फोटो मावत, म्हणजे एका सेकंदाचा व्हिडिओ. काच जड, ठिसूळ, आणि तिला गुंडाळता येत नाही. लांब, लवचिक, गुंडाळी होणारं काहीतरी हवं होतं.

अमेरिकेत जॉर्ज ईस्टमन यांच्या कंपनीने आधी कागदाची आणि मग १८८९ मध्ये सेल्युलॉइडची फिल्म बाजारात आणली. त्यांना सिनेमा बनवायचा नव्हता. सामान्य माणसाला फोटो काढणं सोपं व्हावं, एवढाच हेतू. पण ही गुंडाळी सिनेमावाल्यांच्या हातात पडली आणि खेळच बदलला.

इथे येतात लुई ल प्रिन्स. ते मूळचे फ्रान्सचे, पण राहायला होते इंग्लंडमधल्या लीड्स शहरात. ऑक्टोबर १८८८ मध्ये त्यांनी एका भिंगाचा कॅमेरा आणि कागदी फिल्म वापरून सासऱ्यांच्या घराच्या बागेत शूटिंग केलं. चार माणसं बागेत गोल फिरताहेत, बस्स एवढंच. जेमतेम दोन सेकंदांचं हे दृश्य ‘राउंडहे गार्डन सीन’ म्हणून ओळखलं जातं. आज उपलब्ध असलेली ही सगळ्यात जुनी फिल्म मानली जाते. त्यात दिसणाऱ्या त्यांच्या सासूबाई, सारा व्हिटली, त्याच महिन्याच्या २४ तारखेला वारल्या. त्यामुळेच हे शूटिंग त्याआधीचं आहे, हे खात्रीने सांगता येतं.

ल प्रिन्स यांना आपला शोध न्यूयॉर्कमध्ये लोकांना दाखवायचा होता. पण १६ सप्टेंबर १८९० रोजी फ्रान्समधल्या दिजाँ स्टेशनवर ते पॅरिसच्या गाडीत बसले आणि त्यानंतर कोणालाच दिसले नाहीत. ना माणूस सापडला, ना सामान. खून, आत्महत्या, अपघात, अशा अनेक शक्यता मांडल्या गेल्या, पण कोडं आजही सुटलेलं नाही. त्यांचा खेळ कधी झालाच नाही आणि शाळेच्या पुस्तकात त्यांचं नाव आलं नाही.

अडचण चौथी: एका वेळी सगळ्यांना दाखवायचं कसं?

आता थॉमस एडिसन यांची एन्ट्री. कल्पना एडिसन यांची होती, पण न्यू जर्सीतल्या त्यांच्या प्रयोगशाळेत खरं राबले ते त्यांचे सहायक विल्यम डिक्सन. डिक्सन यांनी ३५ मिलिमीटर रुंदीची फिल्म वापरली आणि तिच्या दोन्ही कडांना भोकं पाडली, प्रत्येक फ्रेमला एका बाजूला चार. दातेरी चाक या भोकांत अडकून फिल्म नेमकी हवी तेवढीच पुढे ओढतं. हे माप इतकं योग्य ठरलं की पुढची शंभराहून जास्त वर्षं जगभरचे सिनेमे त्याच ३५ मिलिमीटरवर निघाले.

शूटिंगसाठी त्यांनी १८९३ मध्ये ‘ब्लॅक मारिया’ नावाचा स्टुडिओ बांधला. बाहेरून काळा, छप्पर उघडणारा, आणि संपूर्ण इमारत रुळावर गोल फिरणारी! का? तर सूर्य सरकेल तसा स्टुडिओ फिरवायचा आणि ऊन आत घ्यायचं. आजच्या रिंग लाईटचा हा पणजोबाच म्हणा.

ही फिल्म बघायची कशात? त्यासाठी होता कायनेटोस्कोप. उभी लाकडी पेटी, वरच्या भोकाला डोळा लावायचा आणि एकट्याने बघायचं. १४ एप्रिल १८९४ रोजी न्यूयॉर्कमध्ये अशा दहा पेट्यांचं दुकान सुरू झालं. २५ सेंट दिले की पाच पेट्या बघायला मिळत.

पण एकट्यानेच का? कारण यात ते ‘थांबणं’ नव्हतं. कॅमेऱ्यात फिल्म थांबत-थांबत पुढे सरकायची, पण पेटीत मात्र ती सलग पळत राहायची. चित्र फराटा होऊ नये म्हणून समोर बारीक फटीची चकती फिरायची. म्हणजे पुन्हा प्लॅटो यांचीच युक्ती. फटीतून उजेड इतका थोडा यायचा की लहानशी चौकट एका डोळ्यापुरती दिसे, भिंतीवर मोठी करून दाखवणं अवघड होतं.

एडिसन यांनी आणखी एक चूक केली. त्यांनी युरोपात पेटंट घेतलं नाही. त्यामुळे लंडनचे रॉबर्ट पॉल यांच्यासारख्यांनी बिनधास्त तसल्याच पेट्या बनवल्या. आणि फ्रान्समधल्या लिऑन शहरात फोटोच्या काचा बनवणाऱ्या ल्युमिए कुटुंबालाही ही पेटी बघायला मिळाली.

ऑगस्त आणि लुई या भावांनी नेमका तो ‘थांबण्या’चा प्रश्न हातात घेतला. लुईला उत्तर सुचलं शिलाई मशीनवरून. आठवा, घरी आई किंवा मावशी मशीनवर शिवताना काय होतं? सुई वर असते तेव्हा खालचे दाते कापड पुढे ढकलतात. सुई खाली येते तेव्हा कापड थांबलेलं असतं. मग पुन्हा ढकलणं, पुन्हा थांबणं. ल्युमिए यांच्या मशीनमध्ये अगदी तसंच होतं. दोन नख्या फिल्मच्या भोकांत शिरतात, एक फ्रेम खाली ओढतात आणि बाहेर निघतात. ओढताना शटर बंद. फ्रेम थांबली की शटर उघडं, आणि सगळा उजेड थेट पडद्यावर. सेकंदाला साधारण १६ वेळा.

या मशीनचं नाव सिनेमॅटोग्राफ. ‘सिनेमा’ हा शब्द त्यातूनच आला. हे एकच यंत्र शूटिंग करायचं, फिल्मची प्रत काढायचं आणि मागे दिवा ठेवला की पडद्यावर दाखवायचंही. वीज नको, हाताने दांडा फिरवायचा. वजन इतकं कमी की एक माणूस उचलून कुठेही नेऊ शकेल. कॅमेरा आणि स्क्रीन एकाच वस्तूत! ओळखीचं वाटतंय ना? ती वस्तू आत्ता तुमच्या हातात आहे.

२८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसच्या ग्रँड कॅफेच्या तळघरात ल्युमिए यांचा पहिला जाहीर खेळ झाला. तिकीट एक फ्रँक, दहा फिल्म्स, प्रत्येक फिल्म मिनिटभराच्याही आत. पैसे देऊन आलेले प्रेक्षक होते फक्त ३३.

मग हाच जगातला पहिला खेळ का? तिथेही वाद आहे. त्याच वर्षी १ नोव्हेंबरला बर्लिनमध्ये माक्स स्क्लाडानोव्हस्की यांनी तिकीट लावून फिल्म दाखवल्या होत्या. त्याआधी १८९२ पासून पॅरिसमध्येच एमिल रेनो हाताने रंगवलेल्या चित्रांच्या लांब पट्ट्या पडद्यावर फिरवून हलत्या गोष्टी सांगत होते. त्यांच्या ‘पोव्हर पिएरो’ या एका गोष्टीसाठी ५०० चित्रं रंगवलेली होती. म्हणजे ॲनिमेशन फिल्म कॅमेऱ्याच्याही आधी पडद्यावर आलं! पण ल्युमिए आल्यावर रेनो यांच्याकडे कोण जाणार? शेवटी वैतागून त्यांनी आपल्या बहुतेक पट्ट्या सीन नदीत फेकून दिल्या.

मुंबईत काय झालं?

पॅरिसच्या खेळानंतर अवघ्या सहा-सात महिन्यांत, ७ जुलै १८९६ रोजी, सिनेमॅटोग्राफ मुंबईत पोचला. ल्युमिए यांचे प्रतिनिधी मारियस सेस्टिए यांनी वॉटसन हॉटेलमध्ये सहा फिल्म्स दाखवल्या. तिकीट होतं एक रुपया. काळा घोड्याजवळची ती लोखंडी सांगाड्याची इमारत आजही उभी आहे. तिकडे गेलात तर एकदा थांबून बघा.

हे खेळ बघून मुंबईचे फोटोग्राफर हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधली कुस्ती शूट केली. पुढे १९१२ मध्ये दादासाहेब फाळके लंडनहून कॅमेरा घेऊन आले. आधी त्यांनी कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपाची रोज थोडी-थोडी वाढ फ्रेम-फ्रेमने टिपली. आज आपण ज्याला टाईम-लॅप्स म्हणतो, तेच! ते बघून भांडवल द्यायला माणूस तयार झाला आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लागला. तेव्हा कोरी फिल्म भोकं न पाडलेली यायची. अंधारात बसून ती भोकं पाडण्याचं काम सरस्वतीबाई फाळके करत. डिक्सन यांनी ठरवलेली भोकं दादरच्या एका घरात, एका बाईच्या हाताने पडत होती. पण पडद्यावर त्यांचं नाव नव्हतं.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

पहिल्या खेळाला पडद्यावरची रेल्वे बघून लोक पळाले, हे खरं का?
ही गोष्ट खूप सांगितली जाते, पण ती रेल्वेची फिल्म २८ डिसेंबरच्या पहिल्या कार्यक्रमात नव्हतीच. नंतरही लोक घाबरून पळाल्याचा भक्कम पुरावा नाही.

मायब्रिज यांचे फोटो मोठ्या पैजेसाठी काढले होते का?
स्टॅनफर्ड यांनी २५,००० डॉलरची पैज लावली होती, असं म्हणतात. पण त्याचाही पुरावा सापडत नाही.

व्हिडिओ हलता दिसतो तो ‘दृष्टीसातत्या’मुळे ना?
शाळेत आपण असंच शिकतो. पण चित्र नुसतं डोळ्यात रेंगाळलं असतं, तर सगळी चित्रं एकमेकांवर चढून राडा झाला असता. हालचाल खरं तर आपला मेंदू तयार करतो. जवळजवळ सारखी चित्रं भराभर दिसली की तो मधला धागा स्वतःच जोडतो.

मग २४ एफपीएस कुठून आलं?
मूकपटांच्या काळात वेग ठरलेला नसे. हाताने दांडा जसा फिरेल तसा. १९२०च्या दशकाच्या शेवटी बोलपट आले. वेग बदलला की आवाज बिघडतो, म्हणून २४ हा आकडा पक्का झाला.

शेवटचं

एडिसन यांनी चलच्चित्र कॅमेऱ्यावर आपलाच हक्क आहे, म्हणून अमेरिकेत खटले भरले होते. १९०२ मध्ये तिथल्या अपील कोर्टाने त्यांचा तो सरसकट दावा फेटाळला. आता आपण तरी ‘शोध कोणी लावला?’ला एकाच नावाचं उत्तर का द्यावं? प्लॅटो यांनी डोळ्याचं गुपित उलगडलं, मायब्रिज आणि मारे यांनी क्षण पकडला, ईस्टमन यांनी पट्टी दिली, ल प्रिन्स आणि डिक्सन यांनी ती कॅमेऱ्यात चालवली, ल्युमिए यांनी तिला नीट थांबायला शिकवलं.

पुढच्या वेळी रील बघताना स्क्रीनवर बोट टेकवून व्हिडिओ पॉज करा. जो एक स्थिर फोटो समोर दिसेल ना, त्याच्यासाठीच या सगळ्यांनी आयुष्य घातलं होतं.

मित्रांनो, पंख्याचा प्रयोग केलात तर तुमच्या फोनवर पाती थांबलेली दिसली की नाही, ते नक्की कळवा. आणि लेख आवडला तर रील बनवणाऱ्या एखाद्या मित्र-मैत्रिणीला जरूर पाठवा!